एक्केचाळिसाव्या मिनिटाला

हुआंताच्या बाजारात आमचा राक्षस दोन सोलला मिळतो,
उकडलेल्या मक्याच्या टोपलीशेजारी, प्लास्टिकच्या पिशवीत.
कव्हरवरचा चेहरा मात्र दुसऱ्याच कुठल्या सिनेमातला.

राक्षस मी शिवला.
लामाची दोन कातडी, दाभण, मेणाचा दोरा.
मान अजून लांब हवी, म्हणत सेनोबियोनं
तीनदा उसवायला लावली.
भावानं मोटोटॅक्सी विकली, त्यातून कॅमेरा आला.
राक्षसाच्या आत शाळेचा शिपाई होता,
घामानं निथळत बाहेर यायचा
आणि पहिल्यांदा सूप मागायचा.

पुरा झाल्यावर एकदाच दाखवला, पारखून बघायला,
लुरिकोचात, शाळेच्या भिंतीवर चादर ठोकून.
लोक कुठे दचकतात, कुठे जांभई देतात,
मी वहीत टिपत होते.
मागच्या बाकावर कुणीतरी फोन उभा धरला होता.
ते मी टिपलं नाही.

भीती म्हणजे बटाटा नव्हे,
की पुरून ठेवला, पुढच्या हंगामात पुन्हा उगवला.
दारामागे काय आहे ते एकदा कळलं
की दार नुसतं दार.
प्रेमाच्या सिनेमाचं बरं असतं,
शेवट तोंडपाठ असला तरी बायका रडायला येतात.
आमचा सगळा धंदा एका किंकाळीवर,
आणि ती तर केव्हाच निघून गेली होती
लिमाच्या रात्रीच्या बसमधून,
ड्रायव्हरच्या डोक्यावरच्या टीव्हीत बसून, बिनतिकिटाची.

पहिल्या खेळाला नगरपालिकेचा हॉल.
खुर्च्या तीनशे, भाड्याच्या.
माणसं एकोणीस.
त्यातली चार घरची,
आणि एक खुर्च्यांचा मालक, पैसे न्यायला आलेला.

दिवे लागले तशी चीज विकणारी साटुर्निना उठली.
“हा नकली आहे,” म्हणाली.
“खऱ्या सिनेमात टोपीवाला येतो.
राक्षस कबरीतून मान काढतो ना, तेवढ्यात
एक काळा टोपीवाला समोरून जातो, तोंड नसलेला,
आणि लांब कुठेतरी मूल रडतं.
नऊ वेळा बघितलाय मी.
नवव्यांदाही हात गार पडले.
तो का कापलात?
माझे पैसे द्या परत.”

मी सेनोबियोकडे बघितलं, त्यानं जमिनीकडे.

लुरिकोचात त्या रात्री प्रोजेक्टरचा दिवा तापला होता,
जळका वास सुटला, तसा हा उठून धावला होता,
वाकायचंही विसरून.
आणि मूल माझं होतं.
भूक लागली होती त्याला.

पैसे परत दिले.
काय सांगणार होतो?

आता गावोगाव आम्हीच जातो,
खेचरावर जनरेटर, पाठीवर चादर.
बाजारातली प्रत आमच्या आधी पोचलेली असते,
तिला चढ लागत नाही, चारा लागत नाही.
तरी लोक येतात, थोडे,
कारण एक्केचाळिसाव्या मिनिटाला
सेनोबियो टोपी चढवतो
आणि उजेडातून चालत जातो, घाईघाईनं,
काहीतरी जळत असल्यासारखा.
पोरं आयांच्या शालीत शिरतात.
म्हातारे क्रॉस करतात.
माझ्या लांब मानेला कुणी एवढंसं ओरडत नाही,
तीनदा उसवलेल्या.

मुलगा सात वर्षांचा झाला.
पडद्यामागे उभा राहून रडायचे
पन्नास सेंतिमो मागतो, आधी हातावर ठेवा म्हणतो.
घरात धंदा कळणारा तेवढा एकच.

गेल्या शनिवारी वरच्या एका गावात
मागच्या रांगेत पुन्हा एक फोन उभा राहिला,
निळसर, हलणारा.
ओरडावं म्हणून मी उठले.
सेनोबियोलाही दिसला होता तो.
चालता चालता चादरीच्या बरोब्बर मधोमध
तो क्षणभर थबकला,
टोपी जराशी पुढे ओढली,
आणि मग गेला.